सूर्यापाशी प्लेट जळत नाही कशी आणि गुरूपाशी ती चालते कशी?

सौरपंपवाला, साक्री

राम राम मंडळी. मी साक्री तालुक्यात सौर कृषीपंप बसवतो, बिघडले तर दुरुस्तही करतो. आयटीआय इलेक्ट्रिशियन आहे. आमच्या शिवाजीनगरला महानिर्मितीचा सौर प्रकल्प उभा राहिला तेव्हापासून प्लेटांचं वेड लागलं ते लागलंच. अवकाशयानांविषयी हाताला लागेल ते वाचतो. पण बातमीत यानाचं वजन, खर्च आणि पोहोचल्याची तारीख एवढंच येतं. करंट कुठून येतो, किती येतो, कमी पडला तर काय करतात, हे कोणी सांगत नाही. माझ्या मते तीच खरी गोष्ट आहे. करंट गेला की कितीही हुशार यान असू द्या, ते नुसतं भंगार.

आता मुद्द्याचं. मे महिन्यात आपल्याकडे ऊन कसं असतं ते जळगाव-भुसावळच्या लोकांना सांगायला नको. शेतकऱ्याला वाटतं, ऊन कडक म्हणजे पंप जोरात. होतं वेगळंच. दुपारी दोनला प्लेटेच्या पाठीला हात लावला तर चटका बसतो, 65-70 अंशांपर्यंत तापलेली असते. मीटर लावला की स्ट्रिंगचा, म्हणजे ओळीने जोडलेल्या प्लेटांचा, व्होल्टेज डिसेंबरपेक्षा चांगलाच उतरलेला दिसतो. सिलिकॉनची प्लेट 25 अंशांच्या वर एकेक अंश तापली की साधारण 0.35 ते 0.4 टक्के पॉवर सोडते. 70 अंशांना म्हणजे सहावा हिस्सा गेलाच. उलट डिसेंबरात सकाळी अकराला, हवा गार आणि आभाळ निरभ्र असताना, तीच प्लेट असं पाणी काढते की बघत राहावं.

म्हणून मला सूर्याजवळ पाठवलेलं पार्कर सोलर प्रोब हे यान समजत नाही. 24 डिसेंबर 2024 ला ते सूर्याच्या पृष्ठभागापासून फक्त 61 लाख किलोमीटरवरून गेलं. तिथलं ऊन आपल्यापेक्षा पावणेपाचशे पट. आणि त्या यानाला वीज सौर प्लेटांचीच! साक्रीत 45 अंशांना प्लेट मान टाकते, तिथे ती वितळत कशी नाही?

दुसरं टोक जुनो यानाचं. गुरूपाशी ऊन आपल्या पंचविसाव्या हिश्श्याच्याही खाली, तरी तिथे प्लेटा. आपल्याकडे आषाढात आभाळ भरून आलं की पंप सुरूच होत नाही.

आणि सूर्यापासून फार लांब गेलेली व्हॉयेजरची दोन यानं तर 1977 पासून चालूच आहेत. आमच्या मामांना त्यांच्याबद्दल सांगितलं तर त्यांनी एकच विचारलं, "तठे ऊन तरी शे का?" मला उत्तर देता आलं नाही. जाणकारांनी जरा खोलात सांगावं, आकड्यांना मी भीत नाही.

भौतिकवाले मास्तर, अमळनेर

दादा, प्रश्न फार चांगला आहे. शाळेत भौतिकशास्त्र शिकवून निवृत्त झालो, पण प्लेटेच्या पाठीला हात लावून विचारलेला प्रश्न वर्गात क्वचितच ऐकायला मिळाला.

आधी उन्हाचा हिशोब. अंतर दुप्पट झालं की ऊन चौथाई होतं, तिप्पट झालं की नववा हिस्सा. पृथ्वीजवळ, हवेच्या बाहेर, एका चौरस मीटरवर साधारण 1361 वॅट पडतात. मंगळाशी सरासरी 590 च्या आसपास. गुरूशी 50. शनीशी 15. नेपच्यूनशी जेमतेम दीड वॅट. मामांना सांगा, ऊन आहे, पण एवढंच आहे.

आता पार्कर. ते यान सूर्याकडे एक ढाल धरून चालतं. ढाल सुमारे 11.5 सेंटिमीटर जाड, कार्बनच्या दोन पत्र्यांमध्ये कार्बनचाच फेस भरलेला. फेसात बहुतेक पोकळीच, म्हणून उष्णता पलीकडे पोहोचत नाही. पुढच्या अंगाला पांढरा लेप आहे, तो बरंचसं ऊन परतवतो. पुढचं अंग 1400 अंशांच्या घरात जातं आणि मागे, ढालीच्या सावलीत, यंत्रं साधारण 30 अंशांवर काम करतात. मे महिन्यात आपल्या घरातसुद्धा 30 अंश मिळत नाहीत.

लोक विचारतात, सूर्याच्या प्रभामंडळाचं तापमान लाखो अंश असतं, मग ढाल 1400 वरच कशी थांबते? तिथला वायू अत्यंत विरळ आहे. एकेक कण प्रचंड वेगाने धावतो म्हणून तापमानाचा आकडा मोठा, पण अंगावर आदळणारे कण इतके थोडे की त्यांच्यामुळे फारशी उष्णता पोहोचत नाही. ढाल तापते ती थेट उन्हाने.

प्लेटांचं आता ऐका, तुमचा खरा प्रश्न तोच आहे. प्लेटा ढालीच्या मागे पूर्ण लपवल्या तर वीज नाही, बाहेर ठेवल्या तर जळणार. म्हणून त्या पंखांसारख्या मिटतात. यान सूर्यापासून लांब असताना पंख पसरलेले असतात. जवळ येऊ लागलं की ते मागे दुमडत सावलीत जातात आणि फक्त टोकाची छोटी पट्टी तिरकी होऊन उन्हाच्या कडेला राहते. ऊन पावणेपाचशे पट आहे, तेव्हा तेवढी पट्टी पुरते.

तीही तापतेच. म्हणून तिच्या पाठीशी पाणी खेळवलंय. हो, साधं पाणी, शुद्ध केलेलं, दाबाखाली ठेवलेलं, म्हणजे ते 125 अंशांपर्यंत उकळत नाही. सगळं मिळून पावणेचार लिटरच्या आसपास. पंपाने ते प्लेटांच्या मागच्या नळ्यांतून फिरतं, तापतं, ढालीमागच्या रेडिएटरमध्ये जाऊन उष्णता अवकाशात सोडतं आणि परत येतं. सूर्याला इतक्या जवळून पाहणारं यान पावणेचार लिटर पाण्याच्या भरवशावर आहे, हे मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा उठून घरात सगळ्यांना सांगितलं होतं.

कोन किती महत्त्वाचा, तेही सांगतो. सगळ्यात जवळ असताना प्लेटेचा कोन एका अंशाने चुकला तर थंड करण्याची ताकद 35 टक्के जास्त लागेल. आणि पृथ्वीवरून कोणी कोन दुरुस्त करू शकत नाही, कारण निरोप जायलाच आठ मिनिटं लागतात. यानाच्या अंगावर सावलीच्या कडेशी छोटे सेन्सर बसवलेत. ढाल जरा कलली की ऊन आधी त्यांच्यावर पडतं आणि यान स्वतःच सरळ होतं. त्या डिसेंबरात जवळून जाताना संपर्कही नव्हता. मी सुखरूप आहे, एवढा सांगणारा संकेत दोन दिवसांनी आला.

आपलं आदित्य एल-1 सूर्याच्या अभ्यासाला गेलंय, पण त्याला ही कसरत नाही. ते पृथ्वीपासून 15 लाख किलोमीटरवर, ऊन जवळपास आपल्याइतकंच आणि मध्ये ग्रहणाची अडचण नाही. त्यावरची सूट नावाची दुर्बीण पुण्याच्या आयुका या खगोलशास्त्राच्या संस्थेने बनवलीय. 6 जानेवारी 2024 ला ते आपल्या जागी पोहोचलं.

सौरपंपवाला, साक्री

सर, पाण्याचं वाचून अंगावर काटा आला. आमच्याकडे उन्हाळ्यात काही जण भर दुपारी प्लेटांवर बादलीने गार पाणी मारतात. मी ओरडतो, काच तडकेल. धुवायच्याच तर सकाळी उजाडताना धुवा म्हणतो. पाठीमागून पाणी फिरवायचं, ही रीत पटली. आणि एका अंशाला 35 टक्के! आम्ही स्टँड लावताना तीन-चार अंश इकडेतिकडे झाले तरी चालवून घेतो.

जुनोबद्दल कोणी सांगेल का?

केळीच्या बागेतून, फैजपूर

दादा, मी सांगते. इंजिनिअरिंगला आहे, जुनोवर कॉलेजात सेमिनार दिला होता.

जुनो 5 ऑगस्ट 2011 ला निघालं, 4 जुलै 2016 ला गुरूपाशी पोहोचलं. त्याला तीन पंख आहेत, प्रत्येक साधारण 9 मीटर लांब. एकूण सेल 18 हजारांच्या वर. सिलिकॉन नाही, गॅलियम आर्सेनाइडचे. पृथ्वीजवळ असते तर त्या पंखांनी 14 किलोवॅटच्या आसपास दिले असते. गुरूपाशी मिळतात फक्त 500 वॅट. म्हणजे हल्ली शेतात बसते त्या 540 वॅटच्या एका प्लेटेएवढे. त्यावर यानाचा मेंदू, हीटर आणि उपकरणं सगळं चालतं. तुमच्या आषाढातल्या पंपाचं उत्तर यातच आहे. पंपाची मोटर ठरावीक ताकदीच्या खाली फिरतच नाही. यान मात्र पहिल्यापासून 500 वॅटात बसेल असंच आखलेलं असतं. उपकरणं गुरूजवळून जाताना काही तास जोर लावतात, बाकी वेळ बॅटरी भरत राहते.

आमची बाग आहे, म्हणून सावलीची धास्ती मला चांगली कळते. केळीचं एक पान प्लेटेवर झुकलं तरी अख्ख्या ओळीचा करंट पडतो. जुनोच्या वाट्याला तर गुरूचीच सावली आली होती. नोव्हेंबर 2019 मध्ये त्याच्या मार्गात गुरूची सावली आडवी येणार होती, तब्बल 12 तास. एवढ्या वेळात बॅटरी संपून यान गारठून मेलं असतं. तेव्हा सप्टेंबर संपता संपता त्याची छोटी इंजिनं सलग साडेदहा तास चालवून मार्ग एवढा सरकवला की सावली चुकली. मला आत्तापर्यंत वाचलेल्या सगळ्या मोहिमांत हा प्रसंग सर्वात जास्त आवडतो. एवढी मेहनत फक्त ऊन सुटू नये म्हणून.

आता अजून मोठे पंख निघालेत. युरोपचं ज्यूस एप्रिल 2023 मध्ये निघालं, त्याच्या प्लेटा 85 चौरस मीटर. नासाचं युरोपा क्लिपर ऑक्टोबर 2024 मध्ये निघालं, पंख उघडल्यावर ते एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत 30 मीटरच्या वर भरतं. ते एप्रिल 2030 ला गुरूपाशी पोहोचायचंय.

तुम्ही स्टँडचं म्हणालात म्हणून लूसीचं सांगते. ते 16 ऑक्टोबर 2021 ला गुरूच्या कक्षेतल्या लघुग्रहांकडे निघालं. त्याच्या प्लेटा गोल, जपानी पंख्यासारख्या उलगडणाऱ्या, 7 मीटरपेक्षा जास्त व्यासाच्या. एक पूर्ण उघडली, दुसरी अडकली, कारण ओढणारी दोरी सैल पडली होती. हात लावायला तिथे कोण जाणार? मग 2022 मध्ये त्यांनी मुख्य मोटर आणि राखीव मोटर दोन्ही एकदम चालवल्या, म्हणजे दोरीला ताण जास्त. 360 अंशांपैकी प्लेट 353 च्या पुढे उघडली. खटका बसला नाही, पण ती इतकी ताणून घट्ट झाली की काम निभावतंय.

मंगळाची धूळ राहिली. इनसाइट यान नोव्हेंबर 2018 मध्ये उतरलं तेव्हा दिवसाला सुमारे 5000 वॅट-तास मिळत होते. धूळ साचत गेली आणि 2022 च्या मे मध्ये 500 च्या आसपास आले. प्लेटा पुसायला ब्रश नव्हता. तेव्हा यानाच्या हाताने वाळू उचलून वाऱ्याच्या वरच्या बाजूने प्लेटेजवळ थोडी थोडी सोडली. जाड दाणे वाऱ्याने प्लेटेवरून उड्या मारत गेले आणि जाताना बारीक धूळ घेऊन गेले. थोडी वीज वाढली सुद्धा! शेवटी डिसेंबर 2022 मध्ये यान थांबलंच. त्याआधी ऑपर्च्युनिटी, 90 दिवसांसाठी पाठवलेलं, 2004 पासून जून 2018 पर्यंत चाललं, कारण मंगळावरच्या वावटळी अधूनमधून प्लेटा झाडून देत होत्या. पण सगळा ग्रह झाकणारं धुळीचं वादळ आलं आणि ते कायमचं गप्प झालं. धूळ आणि ऊन यांच्या भरवशावर राहायला नको म्हणून क्युरिऑसिटी आणि पर्सेव्हरन्स या मंगळावरच्या गाड्यांना प्लेटाच दिल्या नाहीत.

दीपनगरचे नाना, भुसावळ

लेकी, छान सांगितलंस. पुढचं मी घेतो, कारण ते उष्णतेपासून विजेचं आहे आणि माझी सगळी नोकरी त्यातच गेली. कोळसा जाळा, पाणी उकळा, वाफेने टर्बाइन फिरवा, टर्बाइनने जनरेटर. निम्मं आयुष्य बेअरिंग, व्हायब्रेशन आणि ऑइल प्रेशरच्या नोंदी लिहिण्यात गेलं. फिरतं ते झिजतं, एवढं मात्र पक्कं कळलं.

व्हॉयेजरमध्ये फिरणारं काहीच नाही. भाऊ, तुम्ही थर्मोकपल पाहिलंच असेल. दोन वेगळे पदार्थ जोडायचे, एक टोक गरम, एक गार, की मधून बारीक करंट वाहतो. भट्टीचं तापमान आपण त्यानेच मोजतो. तशा शेकडो जोड्या एका नळकांड्यात बसवल्या, व्हॉयेजरमध्ये सिलिकॉन आणि जर्मेनियमच्या मिश्रणाच्या. आत प्लुटोनियम-238. ते आपोआप क्षय पावत तापत राहतं. अणुभट्टीसारखी साखळी क्रिया नाही, की बंद पडायची भीती नाही. बाहेर अवकाशाची थंडी. गरम टोक आत, गार टोक बाहेर, झाली वीज. अशी तीन नळकांडी प्रत्येक यानाला.

कार्यक्षमता मात्र फारच कमी. सुरुवातीला तिन्ही मिळून 7000 वॅटच्या आसपास उष्णता आणि त्यातून वीज 470 वॅट. आमच्या संचाने इतकी कमी दिली असती तर साहेबांनी उभं केलं असतं. पण तिथे कोळशाची रॅक जाणार नाही, दुरुस्तीला माणूस जाणार नाही, मग हेच सगळ्यात बरं.

आता ते दरवर्षी साधारण 4 वॅट गमावतं. गंमत बघा, प्लुटोनियम-238 ला निम्मं व्हायला 87.7 वर्षं लागतात. म्हणजे आज उष्णता दोन तृतीयांशाहून थोडी जास्त उरलेली असणार. वीज मात्र निम्म्यावर येऊन ठेपलीय. उरलेला घाटा थर्मोकपलचा, ते स्वतः म्हातारे झालेत.

म्हणून तिथे लोडशेडिंग चालू आहे, आणि किती विचारपूर्वक! व्हॉयेजर-1 चे कॅमेरे 1990 सालीच बंद केले. 14 फेब्रुवारीला त्याने पृथ्वीचा तो ठिपक्याएवढा फोटो काढला, त्यानंतर. मग हीटर एकेक करून. व्हॉयेजर-2 च्या वैश्विक किरण मोजणाऱ्या उपकरणाचा हीटर 2019 मध्ये काढला, ते उणे 59 अंशांवर गेलं, तरी आकडे पाठवत राहिलं. अशा थंडीत त्याची कधी चाचणीसुद्धा झाली नव्हती. मग 2023 मध्ये असं ठरलं, की व्होल्टेज अचानक बदलला तर यान वाचावं म्हणून रेग्युलेटरकडे राखून ठेवलेली थोडी पॉवर आहे ती उपकरणांना द्यायची. भाऊ, हा निर्णय तुम्हाला माझ्याइतकाच कळेल. संरक्षण काढून लोड चालवणं म्हणजे केवढी जोखीम. त्यांनी हिशोब केला की इतक्या वर्षांत व्होल्टेज स्थिर राहिलाय, तर ही जोखीम घ्यावी. त्यामुळे काही वर्षं मिळाली.

2024 च्या शरदात व्हॉयेजर-2 चं प्लाझ्मा मोजणारं उपकरण बंद केलं. फेब्रुवारी 2025 मध्ये व्हॉयेजर-1 चं वैश्विक किरणांचं, आणि मार्चमध्ये व्हॉयेजर-2 चं विद्युतभारित कणांचं. यादी वाचताना वाईट वाटतं. पण ज्यांनी ती केली त्यांच्याविषयी आदर वाटतो. संच बंद करायचा क्रम ठरवणं किती अवघड असतं ते कंट्रोल रूममध्ये बसलेल्याला विचारा.

प्लुटोनियमचं एक अजून. हे प्लुटोनियम-238 खाणीत मिळत नाही, अणुभट्टीत बनवावं लागतं. अमेरिकेने 1988 मध्ये ते बनवणं थांबवलं होतं, 2015 मध्ये पुन्हा थोडं थोडं सुरू केलं. म्हणून गुरूपर्यंत प्लेटांनी भागवायचं आणि हे इंधन शनीकडे आणि त्याच्या पलीकडे जाणाऱ्यांसाठी राखायचं, अशी विभागणी होत गेली. कासीनी शनीकडे गेलं ते प्लुटोनियमवर, न्यू होरायझन्स प्लूटोकडे गेलं तेही त्यावरच. शनीच्या टायटन या चंद्रावर जायचं ड्रॅगनफ्लायसुद्धा त्यावरच उडणार आहे.

सौरपंपवाला, साक्री

नाना, रेग्युलेटरचं वाचून मी दोन मिनिटं गप्प बसलो. आम्ही कंट्रोलरचं सर्ज प्रोटेक्शन काढून पंप चालवणाऱ्या माणसाला रागावतो. इथे मात्र त्यांनी सगळं मोजून मापून केलं, म्हणून वेगळं.

एक शेवटचं. इतक्या कमी विजेत ते 2500 कोटी किलोमीटरवरून बोलतं कसं? आमच्या कंट्रोलरचं सिम डोंगराआड गेलं की रेंज जाते.

दीपनगरचे नाना, भुसावळ

ट्रान्समीटर 23 वॅटच्या आसपासचा आहे, भाऊ. सगळी करामत ऐकणाऱ्याची. यानाची 3.7 मीटरची थाळी नेमकी पृथ्वीकडे रोखलेली असते, आणि इकडे 70 मीटर व्यासाच्या थाळ्या, कॅलिफोर्निया, स्पेन आणि ऑस्ट्रेलियात. पृथ्वी फिरली तरी कोणती तरी एक समोर असावी म्हणून तीन ठिकाणी. व्हॉयेजर-2 दक्षिणेकडे गेलंय, त्याला हुकूम फक्त ऑस्ट्रेलियातून पाठवता येतो. निरोपाचा वेग सेकंदाला 160 बिट. व्हॉयेजर-1 ला निरोप जायला एका बाजूने 23 तासांहून जास्त लागतात.

आपल्या महाराष्ट्रातल्या थाळ्यांनाही असं बारीक ऐकण्याची सवय आहे. नारायणगावजवळ खोडदला जीएमआरटी ही रेडिओ दुर्बीण आहे, 30 थाळ्यांची. 19 ऑक्टोबर 2016 ला युरोपचं शियापारेली यान मंगळावर उतरत होतं, तेव्हा त्याचा क्षीण संकेत थेट तिथे ऐकू आला होता.

आणि नोव्हेंबर 2023 मध्ये व्हॉयेजर-1 अचानक अर्थहीन आकडे पाठवायला लागलं. त्याच्या स्मृतीतली एक चिप गेली होती. माणसांनी त्या चिपवरचा प्रोग्रॅम तुकडे करून उरलेल्या स्मृतीत जिथे जागा मिळेल तिथे बसवला आणि एप्रिल 2024 मध्ये ते पुन्हा सरळ बोलू लागलं. प्रत्येक हुकमाचं उत्तर यायला जवळपास दोन दिवस, जायला एक आणि यायला एक. खोडदला जायचं असेल तर कळवा, दरवर्षी फेब्रुवारीच्या अखेरीस विज्ञान दिनाला ते लोकांसाठी खुलं असतं. मास्तर येणार असतील तर एकाच गाडीने जाऊ.